आलो

शालन वहिनींच्या मेसमध्ये पहिल्या रात्री
मी पांढऱ्या रश्श्याला ताक समजले.
"पी गं, मटणाचा हाय. थांब,
मी भाकरी घेऊन आलो."

आलो?
मी भंडाऱ्याची. मनात दुरुस्त केलं: आली.
मग शाळेतलं: आले.
त्या मात्र आलोच, चुलीवरची फुगलेली भाकरी घेऊन.

बँकेत नोकरी नवी, रविवार रिकामे.
गंगावेशीत म्हशीखालीच भरलेला पेला,
ओठांवर कोमट फेस,
आणि म्हैस बघत होती
जणू पैसे तिच्याच हातात द्यायचेत.

चप्पल लाइनीतले बिराप्पा म्हणाले,
"चावंल आधी. कातडं हाय,
वळख व्हायला चार दिस लागत्यात."
पाच लागले. टाचेवर अजून खूण आहे.

मिसळीचा कट पुन्हा पुन्हा वाढला गेला,
नको कसं म्हणतात ते शिकायचं होतं.
नाक पुसत बसले, शेजारच्या पोरानं
न बोलता स्वतःचा स्लाइस सरकवला.

फुटबॉलला गेले तर आधी विचारलं, कुठल्या पेठेची?
"जेवते मंगळवार पेठेत."
एवढ्यावर फळीवर जागा झाली.
गोल झाला तेव्हा कुणाची तरी आत्या
माझ्या पाठीत धपका घालून ओरडली,
"बघितलो की न्हाई मी!"

काल आईचा फोन. "जेवली का?"
"हो, आत्ताच जेवलो."

पलीकडे कुकरची एक शिट्टी.
मग आई, जरा जपून:
"कोण बोलून राहिलं?"