साठ हात

सेंट पॅन्क्रस. वाचनकक्षात फक्त पेन्सिल चालते.
आजाऱ्याचं पांघरूण काढावं तशी
मी उशीवरची फाइल उघडते.

तरसोळीचा नावाडी, धाकू वल्द लुमा,
अर्ज करतो:
तरीचा दोर कुजला, नवा मिळावा.
साठ हात.

अर्ज निघतो. मामलेदार, कलेक्टर, मुंबई,
मग रुमालात, पेटीत, बोटीत,
थेट थेम्सकाठच्या त्या खोलीत
जिथे सिंधू, कावेरी, इरावती
एकाच टेबलावरून वाहायच्या.

तिथे कुणी साहेब, ज्यानं हे पात्र पाहिलेलं नाही,
समासात लिहितो: चाळीस पुरे.
खाली नुसती आद्याक्षरं.
अक्षर सुंदर आहे, कबूल करायला हवं.

मंजुरीची तारीख चौदा महिन्यांनंतरची.
तिच्यामागे मामलेदाराची एक ओळ,
इंग्रजीत उतरवलेली:
नावाडी हयात नाही. दोर कोणास द्यावा?

उत्तर जोडलेलं नाही.
मी पुढची पानं उलटते. मिठावरचा कर,
एका हत्तीचा खुराक.

बंद व्हायची वेळ. फाइलला पांढरी फीत बांधते,
जरा ओढूनच.
काउंटरवरचा मुलगा हळू आवाजात म्हणतो,
सैल बांधा.
फितीनं कागद कापतो.