उल्हास

यादीतला एकशे बारावा शब्द : अलेज.
बंदर सुरक्षा पुस्तिका, मराठी आवृत्ती.
शब्दामागे दीड रुपया,
मग तो 'दोर' असो की हा.

कोश उघडला.
पिंपात दारू काठाला जितकी कमी, तितकी जागा.
जहाजाच्या टाकीत तेलावर उरलेली पोकळी.
जुन्या आरमारी बोलीत : कुचकामी माणूस.
आणि अगदी खाली, बारीक टायपात,
अग्निबाणाच्या इंधनावरचा वायू.
तिथवर माझी पुस्तिका जाणार नव्हती.

माझ्याकडे शीग होती.
काठाच्या वर जे उभं राहतं त्याला शब्द आहे,
शिगोशीग पायली, शिगेला पोचलेलं काहीही.
काठाच्या खाली जे नसतं
त्याला आपण नुसतं 'उणं' म्हणतो
आणि दुकानदाराशी भांडतो.

समितीत डॉ. निरगुडकरांनी सुचवलं,
'शीर्षरिक्तावकाश'.
म्हणताना त्यांनाच मध्ये श्वास घ्यावा लागला.

म्हणून शिवडीला गेले, कोळीवाड्यात,
रघुवीर पागधऱ्यांकडे.
जवाहर द्वीपावर एकतीस वर्षं टँकरच्या टाक्या मोजल्या त्यांनी.
शब्द ऐकला आणि हसले.
"अलेज साहेब लोकांचा. आमी उल्हास बोलायचो."

"टेपच्या टोकाला पितळी लोळा.
झाकण उघडायचं, तोंड बाजूला,
नाहीतर वास डोक्यात चढतो.
लोळा तेलाला टेकला की हाताला कळतं.
मग ओरडायचं :
चार नंबर, उल्हास दोन मीटर दहा!"

"पण तेल किती, ते?"
"तेल कोण मोजतो, बाय? मोकळं मोजायचं.
तेलाचा आकडा हापिसात निघतो, तक्त्यावरून."

"आणि ठासून भरलं तर?"
"मे महिन्यात तेल फुगतं.
जागा नाय ठेवली तर वर येतं,
डेकवर, मग दर्यात.
मग चौकशी. मग कागदावर माझं नाव."

आतून त्यांच्या बायकोचा आवाज :
"रिटायर झाल्यापासनं यांचा उल्हास लय वाढलाय."
त्यांना समजायला जरा वेळ लागला.
मग तेही हसले, पण बशीकडे बघत.
आरमारी अर्थ मी त्यांना सांगितला नाही.

परतताना शिवडी नाक्यावर बस येईना,
आणि मला घासलेटची रांग आठवली.
दुकानदार मापात उंचावरून धार सोडायचा,
फेस काठाला लागायचा,
तो लगेच आमच्या डब्याकडे हात करायचा.
आई माप धरून ठेवायची.
"बसू दे फेस. मग बघू."
मागची रांग कुरकुरायची.
फेस बसला की दिसायचं ते,
दोन बोटं, कधी अडीच.
तिने ते बोटांनीच मोजलं, जन्मभर,
आणि कुठलाही शब्द न वापरता वसूल केलं.

रात्री कोशात पुन्हा डोकावले, मुळाशी.
जुन्या फ्रेंचमध्ये पिंपाच्या भोकाला डोळा म्हणत.
डोळ्यापर्यंत भरणं, हे त्या क्रियेचं नाव.
भरण्याचा शब्द पिंपाबरोबर समुद्र ओलांडून गेला
आणि पोचेपर्यंत
न भरलेल्याचा झाला.

हे मला इतकं उलटं वाटलं नाही.
आपल्याकडेही डोळे भरून येतात
ते कोणी तिथे नसतं म्हणून.

फॉर्मवर लिहिलं :
पर्याय एक, शीर्षरिक्तावकाश.
पर्याय दोन, रिती उंची.
प्रचलित, बंदर कामगारांत : उल्हास.

पंधरा दिवसांनी कागद परत आला.
'उल्हास'वर लाल रेघ,
समासात शेरा : अर्थाशी विसंगत.

बिल निघालं, दीड रुपया.
रेघ मात्र घाईत मारलेली,
शब्दाच्या थोडी वर.
खालून तो अजून वाचता येतो.