सात अंशांखालचे तास

लाँड्रीच्या मागे, चुना फासलेल्या पेटीत
माझा तापमापक राहतो.
रात्री दोनला, चारला, आणि फजरच्या आधी एकदा
टॉर्च तोंडात धरून मी तिचं दार उघडतो,
वहीत लिहितो: सहा पूर्णांक चार. पाच नऊ. सात एक.
सात एक मोजायचा नाही.
सातच्या खाली उतरला तोच तास
झाडाच्या खात्यात जमा.

मी खरा बॉयलरचा माणूस.
पण हातिमसाहेबांनी कुठंसं पाहिलं,
जपानात म्हणे टीव्हीवर सांगतात
चेरीचा बहर आज कुठल्या गावापर्यंत पोचला,
आणि माणसं त्या हिशेबानं रजा टाकतात.
"आपल्याकडे जर्दाळू आहेत, बारकार.
तुझा बाप फळवाला. तू तारीख दे."

अरबीत प नाही.
दापोलीचा परकार सैकचा घाट चढताना
कुठल्या तरी वळणावर बारकार झाला,
पगाराच्या पाकिटावरसुद्धा.

साडेतीनशे तास झाले की कळी जागी होते,
असं एका कागदावर होतं.
मी बोटं मोजली, मागच्या दोन थंड्या पाहिल्या,
म्हटलं, सव्वीस फेब्रुवारी.
त्यांनी ती गुलाबी अक्षरात छापली.

तहसीन फोनवर विचारते, "नक्की कधी?"
बहर संपल्याशिवाय मला सुट्टी नाही,
म्हणून तिलाही मी तापमानच सांगतो:
काल रात्री चार तास मिळाले.
ती म्हणते, "भावाचं लग्न आहे.
तास नकोत, वार सांग."

खाली दरीत खल्फानची शेती,
भिंतीवर फळ्या ठोकाव्यात तशा पायऱ्या.
फलजचं पाणी त्याच्या वाट्याला तीन अथर;
अथर म्हणजे अर्धा तास,
त्याचा बाप ताऱ्यांवर मोजायचा,
नातू अझ्झान मोबाइलवर गजर लावतो.
मी विचारलं, कधी?
म्हाताऱ्यानं एक कळी खुडली,
नखानं चिरली, आत बघितलं,
जिभेवर ठेवली, थुंकली.
"कडू आहे. झोपलीय."
हे कुठल्या रकान्यात लिहायचं?

मग जानेवारीत धुळीचा वारा सुटला,
नऊ रात्री नुसत्या कोमट.
दोनशे बारावर गाडी अडली.
हातिमसाहेब वही बघून हसले,
"बुकरा फिल मिशमिश!"
उद्या, जर्दाळूच्या मोसमात.
जे कधीच व्हायचं नाही त्याला इजिप्तमध्ये असं म्हणतात,
आपल्या वाण्याच्या पाटीसारखं,
आज रोख, उद्या उधार.
हसता हसता ते थांबले.
नेमकं तेच तर आम्ही छापून बसलो होतो.

सव्वीसला पाहुणे आले, बावीस जण, कॅमेऱ्यांसकट.
फांद्या खराट्यासारख्या.
एका बाईनं तरीही फोटो काढले,
मला विचारलं, हे झाड मेलंय का?
मी म्हटलं, नाही, उशीर झालाय.
कुणाला ते मात्र सांगितलं नाही.
त्या दिवशी मी बॉयलर दोनदा उघडून पुसला.

नऊ मार्च. हॉटेल निम्मं रिकामं.
अझ्झान पायऱ्यांवरून ओरडत वर आला,
चपला हातात.
तळाच्या पायरीला, शेळ्यांच्या गोठ्यामागे,
एकच फांदी.
आतून गुलाबी, बाहेरून दुधाळ,
आणि माझ्या आधी पोचलेल्या तीन मधमाश्या.
खल्फान पाटाशी बसून दारं वळवत होता,
त्यानं मान वरसुद्धा केली नाही.

मी तहसीनला व्हिडिओ लावला.
दरीत रेंज धड नाही; तिच्याकडे फांदी गोठली,
माझ्याकडे तिचा चेहरा,
अर्धवट मिटलेल्या डोळ्यांचा.
आवाज तेवढा येत राहिला:
"सुंदर आहे हो. मग तिकीट काढू?"

बापू बागेत पाहणीला जायचा तेव्हा
झाडाखालून चालत मोहोराची आणेवारी बोलायचा,
सहा आणे, दहा आणे,
आणि मी मागून लिहून घ्यायचो.
वहीत लिहिलं: अर्धा आणा.
फोनमध्ये म्हटलं,
थांब जरा. साडेपंधरा बाकी आहेत.